परत आलेला पंखा कोण उघडणार?

तुमचा प्रश्न मला समजला तो असा: इंदूरमध्ये तुम्ही तिघं मित्र मिळून हातगाडीवाले आणि छोटे दुकानदार यांच्यासाठी दिवा असलेला रिचार्जेबल पंखा बाजारात आणताय. नेदरलँड्समधला एक स्टुडिओ डिझाइन करून द्यायला आणि थोडे पैसे घालायला तयार आहे, माल शेंझेनच्या कारखान्यात बनणार, विक्री आणि सर्व्हिस तुम्ही बघणार. एमओयूचा (सामंजस्य कराराचा) मसुदा आलाय. त्यात पेटंट-डिझाइनचे हक्क निम्मे-निम्मे, डिझाइनमधला कुठलाही बदल स्टुडिओच्या लेखी संमतीने, आणि गॅरंटीतली दुरुस्ती तुमच्याकडे. तुम्ही विचारलंय इतकंच, की निम्मी वाटणी योग्य आहे का आणि ही मंडळी आपली कल्पना पळवतील का.

दोन्हींची उत्तरं देतो, पण जरा थांबून. कारण खरी मेख तुम्ही जाता जाता लिहिलेल्या वाक्यात आहे. दुरुस्ती तुमची आणि बदलाचा अधिकार त्यांचा. म्हणजे बिघडलेला पंखा तुमच्या टेबलावर येणार, तो का बिघडला हे तुम्हाला दिसणार, आणि पुढच्या लॉटमध्ये एक रेझिस्टर बदलायचा म्हटलं तरी तुम्ही त्यांच्या ई-मेलची वाट बघत बसणार. परदेशी लोकांबरोबरचं काम पैशावरून मोडतं असं सगळ्यांना वाटतं. मी जी मोडलेली पाहिली, त्यातली बरीचशी या एका कलमावरून मोडली.

मी बडोद्याचा. मकरपुरा जीआयडीसीत (औद्योगिक वसाहतीत) घरगुती उपकरणांची कंट्रोल बोर्डं आणि छोटी बॅटरीवरची उपकरणं बनवतो. जर्मन, तैवानी आणि शेंझेनच्या लोकांबरोबर बरीच वर्षं काम चाललंय. मी वकील नाही, त्यामुळे कायद्याचं जे खाली लिहितोय ते वकिलाकडे जाण्याआधीची तयारी समजा. आणखी एक गोष्ट: तुमच्या तिघांत सर्किट वाचता येणारा, मीटर हातात धरणारा कोणी आहे का, हे तुम्ही लिहिलेलं नाही. माझं अर्धं उत्तर त्यावर अवलंबून आहे. असा माणूस नसेल तर बदलाचा अधिकार मागून उपयोग नाही, आधी तो माणूस शोधा. मालाची संख्या हजारात आहे की लाखात, यावरही काही गोष्टी बदलतात, पण तुमच्यासारख्या पहिल्या उन्हाळ्यात संख्या लहानच असणार असं धरतो.

आता एक उदाहरण, कारण ते तुमच्या पंख्याला जसंच्या तसं लागू पडतं. आम्ही एका युरोपियन भागीदाराबरोबर रिचार्जेबल कंदील केला होता. दाहोद, छोटा उदेपूर भागात विकला. मे महिन्यात तक्रारी सुरू झाल्या: चार्जच होत नाही. माल बडोद्यात परत आला, टेबलावर लावला, मुकाट्याने चार्ज झाला. अहवाल गेला, 'दोष आढळला नाही'. पुढच्या आठवड्यात त्याच गावांतून पुन्हा त्याच तक्रारी. शेवटी आमच्या सर्व्हिसच्या पोऱ्याने काय केलं, तर एक पीस उचलला आणि मागच्या पत्र्याच्या शेडमध्ये भर दुपारी चार्जिंगला लावून ठेवला. थोड्या वेळात लाल दिवा बंद. सावलीत आणला, गार होऊ दिला, दिवा परत चालू.

कारण साधं होतं. लिथियम सेलच्या डेटाशीटमध्ये चार्जिंगची मर्यादा बहुतेक वेळा ० ते ४५ अंश अशी लिहिलेली असते. डिझाइनरने बॅटरी पॅकवर थर्मिस्टर (तापमान ओळखणारा पार्ट) लावून ४५ अंशांना चार्जिंग तोडलं होतं. त्याचं काही चुकलं नव्हतं, कोणताही शहाणा इंजिनिअर तेच करील. पण पत्र्याखाली हवाच ४३-४४ अंश, त्यात बंद डबीत चार्जिंग सर्किटची स्वतःची उष्णता. म्हणजे ज्या दिवसांत लाईट सगळ्यात जास्त जाते, त्याच दिवसांत आमचा कंदील चार्ज व्हायला नकार द्यायचा. तुमचा तर पंखा आहे. तो विकत घेतला जाणार मे महिन्यासाठीच.

उपाय तीन होते आणि तिन्ही आम्हाला माहीत होते. पहिला, चार्जिंग सर्किट आणि पॅक एकमेकांपासून लांब बसवणं. दुसरा, तापमान वाढलं की चार्जिंग एकदम तोडण्याऐवजी करंट आणि व्होल्टेज पायरीपायरीने उतरवणं. जपानच्या जेइटा या इलेक्ट्रॉनिक्स उद्योगाच्या संस्थेच्या २००७ पासूनच्या मार्गदर्शक सूचनांमध्ये हीच पद्धत दिलेली आहे आणि बऱ्याच चार्जिंगच्या चिपांमध्ये ती आयती मिळते. तिसरा, लिथियम आयर्न फॉस्फेट सेल घेणं. त्यातले कित्येक ५५ अंशांपर्यंत चार्जिंगची मुभा देतात, वजनाला थोडे जड आणि आकाराने मोठे, पण उन्हाला जास्त दाद देत नाहीत. दुसरा उपाय तर फर्मवेअरच्या, म्हणजे बोर्डावरच्या चिपमधल्या प्रोग्रामच्या, थोड्या ओळींचा होता. पण फर्मवेअरचा सोर्स (मूळ कोड) भागीदाराकडे, बदलाची मंजुरी त्यांच्या समितीकडे, आणि समितीची पुढची बैठक सुट्ट्यांनंतर. मंजुरी आली तेव्हा इकडे विश्वामित्रीला पूर येऊन ओसरला होता. वरातीमागून घोडं.

म्हणून माझा नियम: ज्याच्या टेबलावर परत आलेला माल येतो, त्याच्या हातात बदलाचा अधिकार हवा. सगळा नाही, पण ठरावीक हवाच.

असे प्रकार लांबून दिसत नाहीत, हे परदेशी माणसाला समजावून सांगायला वेळ काढा, वाद घालू नका. आणखी दोन तुमच्या पंख्याला नक्की भेटतील. एक, अ‍ॅडॉप्टर. तुम्ही पंख्याला १२ व्होल्टचा नेहमीचा गोल जॅक ठेवला असेल, तर गिऱ्हाईक तुमचा अ‍ॅडॉप्टर हरवल्यावर सेट-टॉप बॉक्सचा लावणार, आणि तोही मेला की भंगारातून आणलेला कुठलाही, मग तो १९ व्होल्टचा लॅपटॉपचा का असेना. स्टुडिओ म्हणेल, वेगळ्या आकाराचा जॅक ठेवू म्हणजे दुसरा बसणारच नाही. मी म्हणेन, नेहमीचाच ठेवा आणि आत जादा व्होल्टेज व उलट्या ध्रुवापासून संरक्षण घाला. हातगाडीवाल्याला रात्री ९ वाजता कोपऱ्यावरच्या दुकानात अ‍ॅडॉप्टर मिळाला पाहिजे. वेगळा जॅक म्हणजे पंखा माळ्यावर. दोन, न्यूट्रल. खांबावर न्यूट्रलची तार तुटली की सिंगल फेजच्या घरात २३० ऐवजी ४०० व्होल्टच्या जवळपास जाऊ शकतात. हे युरोपातही होतं, पण आपल्याकडे ते दुकानदाराला तोंडपाठ असतं इतकं नेहमीचं आहे. अ‍ॅडॉप्टर निवडताना हे लक्षात ठेवा, आणि जळालेला अ‍ॅडॉप्टर स्वस्तात बदलून देता येईल असा वेगळाच ठेवा, पंख्याच्या पोटात घालू नका.

आणि इंदूर आहे म्हणून सांगतो: पोह्यांच्या गाडीजवळ वाफ आणि कढईचा तेलकट धूर दिवसभर. पात्यावर तो थर बसतो, त्यावर धूळ. पातं जड होतं, तोल जातो, मोटर सुरू होताना अडखळते, थरथर वाढते आणि काही महिन्यांनी बोर्डावरचा सोल्डर जोड तुटतो. गिऱ्हाईक सांगणार 'मोटर गेली'. मोटर ठणठणीत असते. पातं हाताने काढून धुता आलं पाहिजे, स्क्रू-ड्रायव्हर न लागता. हे स्टुडिओला सांगायचं असेल तर लिहून पाठवू नका, महिनाभर गाडीवर वापरलेलं पातं न पुसता डब्यात घालून पाठवा.

आता त्यांची बाजूही सांगतो, नाहीतर तुम्हाला वाटेल सगळी अक्कल आपल्याच घरी. सुरक्षिततेच्या बाबतीत आमच्या युरोपियन भागीदारांनी धरलेले हट्ट जवळजवळ प्रत्येक वेळी बरोबर निघाले. बोर्डावरच्या दोन तांब्याच्या ट्रॅकमधलं अंतर, केबल ओढली तरी आतला जोड सुटू नये म्हणून पकड, पॅकमध्ये फ्यूज, पडण्याची चाचणी. आपल्याकडचा पुरवठादार 'साहेब, काही होत नाही' म्हणतो आणि पाच रुपये वाचवतो. लिथियमच्या बाबतीत त्या पाच रुपयांपायी दुकान जळू शकतं. त्यामुळे सुरक्षिततेचा शब्द एकतर्फी बदलण्याचा अधिकार तुम्ही मागूही नका आणि त्यांनी मागितला तर देऊही नका.

मोठ्यांच्या बाबतीत हेच कसं झालंय ते पाहा. जीई हेल्थकेअरचं मॅक ४०० हे छोटं ईसीजी यंत्र बंगळूरच्या त्यांच्या केंद्रात २००७च्या सुमारास तयार झालं. कंपनी अमेरिकन, ज्ञान तिकडचं, पण काय ठेवायचं आणि काय काढायचं हे इथल्या टीमने ठरवलं. प्रिंटर त्यांनी बसच्या तिकिटांच्या यंत्रात असतो तसा वापरला. तो निर्णय हजार मैलांवरून मंजुरी मागून झाला नसता. उलट बाजूला आकाश टॅब्लेट. ऑक्टोबर २०११ मध्ये गाजावाजा करून आला, कंपनी कॅनडाची डेटाविंड, भारतातली जबाबदारी आयआयटी राजस्थानकडे. थोड्याच महिन्यांत वाद लागला तो चाचण्यांवरून. पावसात, धक्क्यात टॅब्लेट किती टिकला म्हणजे पास, यावरच दोघांचं जमेना. २०१२ मध्ये काम आयआयटी मुंबईकडे गेलं. स्वस्त टॅब्लेटची कल्पना वाईट होती की चांगली यावर लोक अजून भांडतात. मला त्यात एवढंच दिसतं, की 'पास' म्हणजे काय हे माल हातात आल्यावर ठरवायला बसलं की घोडं अडणारच.

तेव्हा मसुद्यातलं बदलाचं कलम फाडून असं लिहा. बदल तीन प्रकारचे. सुरक्षिततेला हात लावणारा बदल, म्हणजे सेल, फ्यूज, संरक्षण सर्किट, मेन्सकडची बाजू: दोघांची सही हवीच. बाजारातून परत आलेल्या मालावरून सुचलेला बाकीचा बदल: तुम्ही करणार, त्यांना कळवणार, आणि ठरलेल्या मुदतीत, समजा १० कामाच्या दिवसांत, त्यांनी कारणासह हरकत घेतली नाही तर तो लागू. दिसणं, रंग, ब्रँड: त्यांचा शब्द अखेरचा. तिसऱ्यात त्यांना मोकळेपणाने जिंकू द्या, डिझाइनरला त्याचं फार असतं आणि बहुधा त्यांची नजर आपल्यापेक्षा चांगली असते.

यासोबत फाइली. पीडीएफ नको. सर्किटची मूळ फाइल, गर्बर (बोर्ड बनवायच्या फाइली), फर्मवेअरचा सोर्स, मोल्डचं (प्लास्टिकच्या साच्याचं) थ्रीडी ड्रॉइंग, आणि प्रत्येक पार्टचा मूळ उत्पादकाचा नंबर असलेली यादी. प्रत्येक पैसे चुकते करण्याच्या टप्प्याला यातली एकेक गोष्ट बांधा. मोल्डचे पैसे तुम्ही दिले असतील तर मोल्ड तुमचा असं करारात लिहा, मोल्डवर नाव कोरून घ्या आणि फोटो मागवा. एकमेकांनी सही करून सील केलेला नमुना तिन्ही ठिकाणी ठेवा: तुमच्याकडे, स्टुडिओत, कारखान्यात. शेंझेनमध्ये साधारण ३० टक्के आगाऊ आणि ७० टक्के माल निघण्यापूर्वी अशी रीत आहे. ते ७० टक्के द्यायच्या आधी तपासणी झालीच पाहिजे, आणि ती तपासणी सील केलेल्या नमुन्याशी ताडून.

कागदपत्रांचं थोडक्यात. लिथियम सेल आणि बॅटरी बीआयएसच्या (भारतीय मानक ब्युरोच्या) सक्तीच्या नोंदणीत येतात, मानक आयएस १६०४६. ही नोंदणी कारखान्याच्या पत्त्याला चिकटलेली असते. कारखाना बदलला, किंवा त्याच मालकाने गुपचूप शेजारच्या शेडमध्ये काम हलवलं, तर जुना नंबर चालत नाही. परदेशी कारखान्याला भारतात अधिकृत प्रतिनिधी नेमावा लागतो. 'तुम्हीच व्हा ना' असं ते सहज म्हणतील. होण्याआधी लक्षात घ्या, पुढे काही निघालं तर नोटीस तुमच्या पत्त्यावर येते. माझा सल्ला, सुरुवातीला नोंदणी असलेला पॅक आणि अ‍ॅडॉप्टर बाजारातून घ्या, स्वतःचा करायला जाऊ नका. कारखान्याने पैशाऐवजी तुमच्या कंपनीत भागीदारी मागितली तर केंद्र सरकारच्या २०२० च्या प्रेस नोट ३ प्रमाणे चीनमधून येणाऱ्या गुंतवणुकीला सरकारची पूर्वपरवानगी लागते, त्या वाटेला जाऊच नका. आणि नमुन्यांची ने-आण: सुटा लिथियम पॅक प्रवासी विमानातून माल म्हणून जात नाही, मालवाहू विमानातूनही ३० टक्क्यांपेक्षा जास्त चार्ज चालत नाही. त्यामुळे स्टुडिओला म्हणा, बॅटरीशिवाय नमुना पाठवा, पॅक आम्ही इथे घालतो. चाचणीसाठी परदेशी धावायची गरज नाही, आमच्या मकरपुऱ्यातली एर्डा ही संस्था १९७४ पासून विजेच्या उपकरणांच्या चाचण्या करते, इंदूरहून रातोरात माणूस येऊन जाऊ शकतो. समोर उभं राहून चाचणी पाहण्यात जे कळतं ते अहवालात येत नाही.

कॅलेंडर मात्र नीट मांडून बसा, कारण पंखा हंगामी माल आहे. होळीच्या आसपास तो दुकानात हवा. समुद्रमार्गे माल, कस्टम्स धरून, महिना-दीड महिना खातो. चिनी नववर्ष २१ जानेवारी ते २० फेब्रुवारीच्या दरम्यान कधीतरी येतं, त्याच्या आगेमागे कारखाने बंद, आणि उघडले की अर्धे कामगार नवे. नववर्षानंतरच्या पहिल्या लॉटवर मी कधीच भरवसा ठेवत नाही. म्हणजे तुमचा माल नववर्षाच्या आधी जहाजावर चढला पाहिजे, म्हणजे पक्की ऑर्डर दिवाळीच्या सुमारास, आणि तेव्हा आपल्याकडे सगळं ठप्प. आमच्या इथे तर लाभपंचमीपर्यंत शटर उघडत नाही. त्याच्याही आधी युरोपात ऑगस्ट, तेव्हा स्टुडिओत फोन उचलायला कोणी नसतं. हे सगळं उलटं मोजत गेलात तर डिझाइन जुलै संपेपर्यंत गोठलेलं हवं. रोजच्या बोलण्यासाठी वेळ तशी चांगली जुळते: हिवाळ्यात आपली दुपारी दीडची वेळ म्हणजे नेदरलँड्समध्ये सकाळचे ९ आणि शेंझेनमध्ये दुपारचे ४. तिघं एकाच कॉलवर बसा. स्टुडिओ एकीकडे आणि कारखाना दुसरीकडे असं दोघांशी वेगवेगळं बोलत राहिलात तर दोन लग्नघरांत निरोप नेणाऱ्या मध्यस्थासारखी गत होते, बिघडलं की दोघंही तुमच्याकडे बोट दाखवणार.

आता निम्म्या वाटणीचं. ऐकायला न्याय्य वाटतं. भारतीय पेटंट कायद्याच्या कलम ५० प्रमाणे, वेगळा करार नसेल तर, संयुक्त मालक स्वतःपुरतं पेटंट वापरू शकतो आणि त्यातून कमावलेल्याचा हिशेब दुसऱ्याला द्यावा लागत नाही. पण दुसऱ्याच्या संमतीशिवाय तिसऱ्याला परवाना देता येत नाही, आपला वाटा विकताही येत नाही. म्हणजे उद्या राजकोटच्या किंवा पिथमपूरच्या एखाद्या कारखान्याला परवाना देऊन पंखा इथेच बनवावा असं वाटलं, तर स्टुडिओची संमती लागणार. त्यापेक्षा प्रदेशाने आणि कामाने वाटणी करा: भारत आणि शेजारचे देश तुमचे, इथे बनवण्याचा व बनवून घेण्याचा पूर्ण हक्क तुमचा, बाकी जग त्यांचं, आणि एकमेकांना ठरलेली रॉयल्टी. ट्रेडमार्क भारतात तुमच्याच नावावर घ्या, यात भीडभाड नको. आणखी एक: तुमच्यापैकी कोणी शोधात सहभागी असेल तर कलम ३९ आहे. भारतात राहणाऱ्या माणसाला पेटंट ऑफिसची परवानगी घेतल्याशिवाय, किंवा आधी भारतात अर्ज करून ६ आठवडे थांबल्याशिवाय, परदेशात अर्ज करता येत नाही. स्टुडिओचा वकील तिकडे घाईने अर्ज टाकेल आणि त्याला हे कलम माहीत नसेल, म्हणून तुम्हीच सांगा.

कल्पना पळवण्याबद्दल: दिव्याचा पंखा पळवण्यासारखी कल्पना नाही, राग मानू नका. बाजारात चालला तर वर्षाच्या आत तसाच दिसणारा पंखा कमी किमतीत येईल, करार असो नसो. त्या नकलेत तुमची पोह्याच्या गाडीवरची पाती नसतील आणि पत्र्याखालचं चार्जिंग नसेल, कारण परत आलेले पंखे तुम्ही उघडलेले असतील, त्यांनी नाही. म्हणून पहिल्या दिवसापासून नोंदवही ठेवा: पीसचा नंबर, गाव, कुठे वापरत होता, गिऱ्हाईक काय म्हणालं आणि उघडल्यावर काय निघालं. शेवटचे दोन रकाने वेगळे ठेवा, ते क्वचितच जुळतात. ही वही स्टुडिओला दर महिन्याला दाखवा, पण मालकी तुमचीच राहील असं करारात घाला.

या आठवड्यात एमओयूवर सही करू नका. त्याऐवजी एका उन्हाळ्यापुरता, लहान लॉटचा करार सुचवा, वरचं बदलाचं कलम आणि फाइलींची यादी त्यात घालून. स्टुडिओ प्रामाणिक असेल तर त्यांनाही तेच सोयीचं वाटेल. फर्मवेअरचा सोर्स द्यायला ते तयारच नसतील, तर भागीदारी सोडा आणि त्यांना नुसती बाहेरची बॉडी डिझाइन करण्याची ठरावीक फी द्या. बोर्ड इंदूरमध्ये किंवा आमच्याकडे बडोद्यात कोणीही करून देईल.